जबाब हवालदाराचा, विसंगती मुलीची

आठ वर्षांची मुलगी कशी बोलते? ज्यांच्या घरात आहे त्यांना विचारा. मध्येच शाळेतल्या मैत्रिणीचं भांडण सांगते, मग भूक लागली म्हणते, मग मूळ गोष्टीवर येते. तीही शेवटाकडून.

आता तीच मुलगी पोलिस ठाण्यात कशी बोलते बघा. ‘मी वरील ठिकाणी आईवडिलांसह राहण्यास असून शिक्षण घेते. नमूद दिवशी व वेळी सदर इसमाने वाईट उद्देशाने माझा उजवा हात धरून माझ्या मनास लज्जा उत्पन्न होईल असे कृत्य केले. माझा जबाब माझे सांगणेप्रमाणे संगणकावर टंकलिखित केला असून तो मला वाचून दाखविला, तो बरोबर आहे.’

तिसरीतली मुलगी. ‘सदर इसम’ म्हणते.

दोन-तीन वर्षांनी तिला साक्षीला उभं करतात. सरतपासात ती सांगते, त्या काकाने डावा हात धरला. उलटतपासाला बचावाचे वकील उठतात. जबाबात उजवा, कोर्टात डावा, हे कसं? मुलगी गप्प. नोंद होते : साक्षीदार याचं कारण सांगू शकत नाही. मग तपास अधिकाऱ्याला विचारतात, जबाबात ‘उजवा’ असं लिहिलं आहे का? तो म्हणतो, हो, लिहिलं आहे. विसंगती सिद्ध.

‘उजवा’ हे तिचं की तुमचं, हे त्याला कोण विचारणार?

आणि अपिलात तर ही मुलगी नसतेच. तिथे असतं पेपरबुक, म्हणजे खटल्याच्या कागदांचं बाड. मुलगी बोलली कोरकूत किंवा अहिराणीत, लिहिलं गेलं सरकारी मराठीत, उच्च न्यायालयात वाचलं जातं इंग्रजीत. ती कुठे अडखळली, कुठे रडली, कुठे आईकडे बघितलं, यातलं काहीही कागदावर उतरत नाही. ‘उजवा’ आणि ‘डावा’ मात्र न चुकता उतरतं.

म्हणून अल्पवयीन मुलींच्या खटल्यांतले अपिलाचे निकाल वाचताना एकच सवय लावून घ्यावी. ज्या कागदावर मुलगी खोटी ठरली, तो कागद लिहिला कोणी, ते आधी बघावं.

तसा कायदा अगदीच अडाणी नाही. डिसेंबर १९५१ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने राजस्थानच्या एका आठ वर्षांच्या मुलीच्या खटल्यात सगळं स्वच्छ सांगून ठेवलंय. खालच्या कोर्टाने तिला शपथ दिली नव्हती, कारण शपथ म्हणजे काय हे तिला कळत नाही. मग साक्ष बाद? नाही. एकट्या मुलीच्या शब्दावर शिक्षा देता येत नाही असा कायदा आहे? नाही. दुजोरा मागणं हे सावधगिरीचं आहे, सक्तीचं नाही. आणि घटनेनंतर तिने लगोलग आईला जे सांगितलं, तोही दुजोराच. निकाल लिहिणारे न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस. आपल्या नागपूरच्या उच्च न्यायालयाचे माजी मुख्य न्यायाधीश.

नागपूरचं नाव लक्षात ठेवा. परत येणार आहे.

आजही लहान साक्षीदार आला की न्यायाधीश आधी चार प्रश्न विचारतात. नाव काय, कितवीत आहेस, बाई कोण, खोटं बोललं की काय होतं? ‘देव शिक्षा करतो,’ असं मुलगी म्हणाली की साक्ष पुढे सुरू. चांगली पद्धत आहे. फक्त एक सुचवावंसं वाटतं. पोलिसांच्या ओळखीतला तो पंच असतो ना, जो या पंचनाम्यालाही हजर होता आणि मागच्या वर्षीच्या चार पंचनाम्यांनाही? त्यालाही विचारा की, देव काय करतो ते.

तर १९५१ मध्ये सगळं सांगून झालं. मग पुढे काय झालं?

पुढे गाडी आली. ३० मार्च १९८४, लुधियाना जिल्हा. दहावीची परीक्षा देणारी, सोळाच्या आतली मुलगी पेपर देऊन मामाकडे निघाली होती. गाडीतून आलेल्यांनी तिला उचललं, रात्रभर डांबलं, सकाळी परीक्षेच्या शाळेजवळ आणून सोडलं. त्या दिवशी तिचा पेपर होता. ती आत गेली आणि पेपर दिला. विषय आरोग्यशास्त्र. मग गावी जाऊन आईला सांगितलं.

खालच्या कोर्टाने सगळ्यांना सोडलं. कारणं वाचण्यासारखी आहेत. एक कारण असं, की मुलीला फियाट, अँबॅसॅडर आणि मास्टर या गाड्यांमधला फरक सांगता येत नाही.

बलात्काराचा खटला होता की आरटीओची परीक्षा?

दुसरं कारण, तिने वाटेत आरडाओरडा केला नाही. तिसरं, फिर्याद उशिरा. बाप आधी पंचायतीकडे गेला, तिथे काही जमलं नाही, मग पोलिसांकडे गेला. आपल्याकडे मुलीच्या बाबतीत काही घडलं की बाप आधी चार जाणत्या माणसांकडे जातो, हे गावातल्या कुत्र्यामांजरालाही ठाऊक असतं. खालच्या कोर्टाला ठाऊक नव्हतं. वर शेरा असा, की मुलीचं वागणंच ठीक नसावं आणि रात्रभर बाहेर का होतीस याचं उत्तर घरी द्यावं लागेल म्हणून तिने ही गोष्ट रचली असावी.

सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये हा निकाल उलटवला. न्यायमूर्ती आनंद आणि न्यायमूर्ती सगीर अहमद यांनी खालच्या कोर्टाची चांगलीच खरडपट्टी काढली. गाडीचा मेक विचारून काय साधलं? मुलीच्या चारित्र्यावर शेरे मारायचा अधिकार कोणी दिला? किरकोळ विसंगतीवरून सगळी साक्ष फेकून कशी देता? बलात्काराच्या प्रत्येक अपिलात आजही हा निकाल उद्धृत होतो. शिक्षा किती दिली? पाच वर्षं. घटनेनंतर बारा वर्षांनी.

मुलगी तोवर आरोग्यशास्त्र विसरलीही असेल.

अशीच गंमत आधीच्या एका गाजलेल्या निकालात. गांधीनगरच्या सचिवालयातला एक कर्मचारी, आणि त्याच्या मुलीकडे खेळायला आलेल्या, दहा-बारा वर्षांच्या दोन मैत्रिणी. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने किरकोळ विसंगतींना किंमत का द्यायची नाही, याची अशी सविस्तर यादी दिली, की वकिलांनी ती पाठ केली. साक्षीदाराच्या डोक्यात व्हिडिओ टेप नसते. वेळेचे अंदाज प्रत्येकाचे वेगळे. कोर्टात उभं राहिलं की माणूस गोंधळतो. भारतातली मुलगी असल्या बाबतीत सहसा खोटं बोलणार नाही, कारण त्यात तिचंच नाव जातं. सगळं पटण्यासारखं.

मग शेवटचा परिच्छेद येतो. अडीच वर्षांची शिक्षा पंधरा महिन्यांवर. आरोपीची नोकरी गेली, मानहानी झाली, आणि त्याच्या स्वतःच्या मुलीच्या लग्नाला अडचण येणार.

त्या दोन मुलींच्या लग्नाचा विचार कोणाच्या पेपरबुकात होता?

आणि आपलं महाराष्ट्रातलं? देसाईगंज पोलिस ठाणं, तेव्हाचा चंद्रपूर जिल्हा, २६ मार्च १९७२. आदिवासी मुलगी तक्रारीच्या निमित्ताने ठाण्यात आलेली. रात्री बाकीच्यांना बाहेर काढलं, तिला थांबवून घेतलं. आरोपी दोन पोलिस. सत्र न्यायालयाने १९७४ मध्ये सोडलं. नागपूर खंडपीठाने १९७६ मध्ये शिक्षा दिली. १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने परत सोडलं. अंगावर जखम नाही, म्हणजे विरोध नाही. विरोध नाही, म्हणजे संमती.

पोलिस ठाण्यात, रात्री, पोलिसाला, एका मुलीची संमती.

पुढच्या वर्षी उपेंद्र बक्षी, वसुधा धागमवार, रघुनाथ केळकर आणि लतिका सरकार या चार प्राध्यापकांनी सरन्यायाधीशांना जाहीर पत्र लिहिलं, देशभर मोर्चे निघाले, आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. पोलिसाच्या ताब्यातली बाई ‘संमती नव्हती’ म्हणाली की ती नव्हतीच असं धरायचं, हे कलम तेव्हाचं. त्याच दुरुस्तीने पीडितेचं नाव छापणं हा गुन्हा ठरवला. ज्या मुलीमुळे हे कलम आलं, तिच्या नावानेच ते प्रकरण आजही विधी महाविद्यालयांत शिकवतात.

या प्रकरणातली एक गोष्ट मात्र मोर्च्यांच्या गदारोळात मागे पडली. डॉक्टरांनी मुलीचं वय सांगितलं होतं चौदा ते सोळाच्या दरम्यान. त्या काळी संमतीचं वय सोळा. म्हणजे ती सोळाच्या आत ठरली असती, तर संमतीचा प्रश्नच उरला नसता. पण सत्र न्यायालय म्हणालं, सोळाच्या आत असल्याचा समाधानकारक पुरावा नाही.

खटला संमतीवर गाजला. खरं तर तो जन्मतारखेवर गेला होता.

आणि जन्मतारीख म्हटलं की महाराष्ट्राने मान खाली घालावी. आपल्या निम्म्या काकांचा, माम्यांचा, सरपंचांचा आणि आमदारांचा वाढदिवस एकाच दिवशी का येतो? १ जून. शाळेत नाव घालायला बाप आला. गुरुजींनी विचारलं, जन्म कधीचा? बाप म्हणाला, पोळ्याच्या आसपासचा, पाऊस लई झाला होता त्या सालचा. गुरुजींनी पोराचा हात डोक्यावरून घेऊन कानाला पोचतो का बघितलं आणि लिहिलं १ जून. पोरगं वेळेत पहिलीत बसलं. सगळे खुश.

पुढे त्याच रजिस्टरवर एखाद्या माणसाची वीस वर्षं टांगली जातील, हे गुरुजींना कुठे माहीत?

कायद्याची उतरंड सरळ आहे. बाल न्याय कायद्याचं कलम ९४ : आधी शाळेचा किंवा दहावीचा दाखला, तो नसेल तर पालिकेचा वा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, आणि तोही नसेल तरच हाडांची तपासणी. मूळ विषय वेगळा होता, कायद्याशी संघर्ष झालेल्या मुलांचं वय कसं ठरवायचं हा. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये सांगितलं, पीडितेलाही तीच फूटपट्टी लावा.

आता कोर्टात काय होतं ते बघा. मुख्याध्यापक जनरल रजिस्टर घेऊन हजर. ही नोंद तुमच्या हातची? नाही साहेब, मी नंतर रुजू झालो. नोंद कोणी केली? तेव्हाचे हेडमास्तर, ते वारले. तारीख कोणी सांगितली? तसा उल्लेख नाही. कशाच्या आधारे? सांगता येत नाही. पाच प्रश्न. १९८८ मध्ये एका निवडणुकीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालय म्हणाल्याचं वकील वाचून दाखवतात, की माहिती कोणी दिली हे कळल्याशिवाय शाळेच्या नोंदीला वजन नाही.

सकाळी मुलगी चौदा वर्षांची होती. जेवणाच्या सुट्टीपर्यंत तिला वयच उरलं नाही.

मग हाडं. हाडांना १ जून माहीत नसतो, पण त्यांचाही हिशोब ढिला. दोन वर्षं इकडे, दोन वर्षं तिकडे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्येच मान्य केलंय. संशयाचा फायदा आरोपीला, म्हणून वरचा आकडा धरायचा. २०२४ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने तर स्पष्टच सांगितलं, की पॉक्सोच्या, म्हणजे बाल लैंगिक अत्याचार कायद्याच्या, खटल्यातही वरची मर्यादा घ्या आणि वर दोन वर्षं मिळवा. अहवाल म्हणतो सोळा ते अठरा. अठरात दोन मिळवा. वीस.

पॉक्सो गेला, मुलगी सज्ञान झाली, आणि बारावीची परीक्षा अजून व्हायचीच आहे.

हा फायदा आरोपीला देऊ नये असं कोणीच शहाणा माणूस म्हणणार नाही. संशय आहे तर सुटलाच पाहिजे. पण हा संशय आला कुठून? ग्रामपंचायतीने जन्माची नोंद केली नाही, शाळेने आधार ठेवला नाही, तपास अधिकाऱ्याने जन्मदाखला मागितला नाही. तिघेही सरकारचे. फिर्यादीही सरकारच. आणि निकालाला बातमीत मथळा काय मिळतो? ‘पीडितेचे वय सिद्ध करण्यात अपयश.’

कोणाचं अपयश, ते मथळ्यात मावत नसावं.

आता या नागपूरला. डिसेंबर २०१६. बारा वर्षांची मुलगी, एकोणचाळीस वर्षांचा माणूस, पेरू देतो म्हणून घरात नेलं. सत्र न्यायालयाने पॉक्सोच्या कलम ८ खाली तीन वर्षं दिली. १९ जानेवारी २०२१ ला नागपूर खंडपीठाच्या न्यायमूर्ती पुष्पा गनेडीवाला यांनी ती रद्द केली आणि भारतीय दंड विधानाखाली एक वर्ष ठेवलं.

इथे जरा थांबू, कारण हा निकाल सगळ्यांनी चुकीच्या कारणासाठी लक्षात ठेवलाय. कोर्टाने मुलीवर अविश्वास दाखवला नव्हता. मुलगी खरी, आई खरी, हात खरा, घटना खरी. पुरावा पूर्ण पास झाला होता. मग नापास कोण झालं? अंगावरचा कपडा. हात कपड्यावरून लागला, त्वचेला त्वचा लागली नाही, म्हणून तो पॉक्सोतला लैंगिक हल्ला नव्हे.

सत्तर वर्षं मुली पुरावा द्यायला शिकत होत्या. पुरावा दिला, तर कायद्याने कापड आडवं धरलं.

ॲटर्नी जनरल वेणुगोपाल स्वतः सर्वोच्च न्यायालयात गेले. म्हणाले, मग उद्या कोणी सर्जनचे हातमोजे घालून आला तर तो सुटणार का? आठवडाभरात स्थगिती मिळाली आणि १८ नोव्हेंबर २०२१ ला न्यायमूर्ती लळित, भट आणि त्रिवेदी यांनी निकाल रद्द केला. महत्त्व हेतूला आहे, कातडीला नाही. सुनावणीत एक चमत्कारिक दृश्यही होतं : आरोपीच्या बाजूने विधी सेवेतर्फे सिद्धार्थ लुथ्रा आणि राष्ट्रीय महिला आयोगाच्या बाजूने गीता लुथ्रा. सख्खे बहीण-भाऊ.

त्याच जानेवारीत त्याच न्यायमूर्तींचे आणखीही निकाल आले. एका माणसाने एकट्याने मुलीचं तोंड दाबायचं, तिचे आणि स्वतःचे कपडे काढायचे, आणि तरीही झटापट नाही, हे अशक्य वाटतं, असं त्यातल्या एकात म्हटलंय. तिथेही वय सिद्ध झालेलं नव्हतं, हे ओघाने आलंच. पुढे गनेडीवाला यांना कायम करण्याची शिफारस मागे घेतली गेली आणि २०२२ मध्ये त्यांनी राजीनामा दिला. सगळ्यांना हायसं वाटलं. एक व्यक्ती गेली की दुखणं गेलं, असं मानायला आपल्याला फार आवडतं.

मार्च २०२५. अलाहाबाद उच्च न्यायालय. कासगंजची अकरा वर्षांची मुलगी, तिच्याशी लगट, पायजम्याची नाडी तोडली, पुलाखाली ओढत नेलं, लोक आले म्हणून पळाले. हे अपीलही नव्हे, नुसता समन्सचा टप्पा. निकाल काय? ही तयारी झाली, बलात्काराचा प्रयत्न नव्हे. नऊ दिवसांत सर्वोच्च न्यायालयाने स्थगिती दिली आणि असंवेदनशील असा शेरा मारला.

बघा, दुखणं नागपूरचं नव्हतंच.

वाचक म्हणेल, मग काय, प्रत्येकाला शिक्षाच द्यायची? मुळीच नाही. आता ठाणे जिल्ह्याचं प्रकरण बघा. २०१३. चार वर्षांचीही नसलेली मुलगी. बलात्कार आणि खून. आरोपी पकडला, खालच्या कोर्टाने फाशी दिली, उच्च न्यायालयाने ती कायम केली. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याला निर्दोष सोडलं. डीएनए होता की! होता. पण घेतलेले नमुने मुद्देमाल कक्षात कोणाच्या ताब्यात होते, सील शाबूत होतं का, प्रयोगशाळेपर्यंत ते तसेच पोचले का, हे सांगणारा धड एक साक्षीदार नव्हता. बारा वर्षं हा माणूस आत होता.

मग त्या मुलीला मारलं कोणी? या प्रश्नावर अपील करायची सोय कायद्यात नाही.

म्हणजे कागद चुकला की कधी मुलगी खोटी ठरते, कधी माणूस फासाच्या दोरीपर्यंत जाऊन येतो. हवालदाराच्या बढतीत मात्र त्याची नोंद होत नसावी.

आमदार-खासदारांना यावर एकच उपाय माहीत आहे. शिक्षा वाढवा. २०१२ मध्ये पॉक्सो आला, २०१९ मध्ये दुरुस्ती करून सोळाच्या आतल्या मुलीसाठी किमान वीस वर्षं आणि गंभीर प्रकारात फाशीपर्यंत नेलं. टाळ्या वाजल्या. शिक्षा वाढवायला शाई लागते. प्रयोगशाळा वाढवायला पैसे लागतात, आणि मुद्देमाल खोलीला कुलूप लावायला माणूस.

आता वीस वर्षांची शिक्षा खाली आणता येत नाही म्हटल्यावर न्यायाधीश काय करतो? संशय जरा बारकाईने शोधतो. हा मानवी स्वभाव आहे, त्याला कलम नाही.

आणि ते भयंकर कलम २९? पॉक्सोखाली आरोपीने गुन्हा केला असंच गृहीत धरायचं, नसेल केला तर त्यानेच सिद्ध करावं. वाचून धडकी भरते. प्रत्यक्षात उच्च न्यायालयं म्हणतात, आधी सरकार पक्षाने मूळ तथ्यं सिद्ध करावीत, मग गृहीतक. बरोबरच आहे. नाहीतर शेजाऱ्याशी बांधावरून भांडण झालं की पोरीला पुढे करणारे बाप आपल्याकडे कमी नाहीत. तेही सगळ्यांना ठाऊक आहे, फक्त मोर्चात बोलायचं नसतं.

मुलीची सोय कायद्याने फार छान केली आहे. पॉक्सो न्यायालयात तिला आरोपी दिसता कामा नये. वकिलाने थेट विचारायचं नाही, प्रश्न न्यायाधीशामार्फत. वारंवार बोलवायचं नाही. दखल घेतल्यापासून तीस दिवसांत साक्ष, वर्षभरात खटला. पडदा लावा, हे तर सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्येच सांगितलं होतं. वाचताना डोळे भरून येतात.

पडदा असतो. मुलगी आणि आरोपी व्हरांड्यात एकाच बाकावर बसून पुकाऱ्याची वाट बघत असतात.

वैद्यकीय तपासणीतली टू-फिंगर टेस्टही अशीच. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती पीडितेच्या खासगीपणावर आणि प्रतिष्ठेवर घाला ठरवली. २०१४ मध्ये केंद्राच्या आरोग्य खात्याने डॉक्टरांसाठी मार्गदर्शक सूचना काढल्या. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने परत सांगितलं, आता जो करेल तो गैरवर्तनाचा दोषी. एकच गोष्ट तीनदा सांगावी लागते तेव्हा ऐकणारा बहिरा नसतो, निगरगट्ट असतो.

आणि सर्वात अवघड जागा अजून राहिलीच. चौदा वर्षांची मुलगी, पंचवीस वर्षांचा माणूस, ती घर सोडून त्याच्याकडे गेलेली. पश्चिम बंगाल, २०१८. आईने तक्रार केली. खालच्या कोर्टाने वीस वर्षं दिली. ऑक्टोबर २०२३ मध्ये कलकत्ता उच्च न्यायालयाने त्याला सोडलं, आणि सोडता सोडता किशोरवयीन मुलींनी आपल्या वासनांवर ताबा कसा ठेवावा याचं प्रवचनही दिलं.

अपील आरोपीचं. उपदेश मुलींना.

सर्वोच्च न्यायालयाने प्रकरण स्वतःहून हाती घेतलं. ऑगस्ट २०२४ मध्ये न्यायमूर्ती ओक आणि मसीह यांनी प्रवचनासकट निकाल रद्द केला आणि दोषी ठरवणं पुन्हा लागू केलं. चौदा वर्षांच्या मुलीच्या बाबतीत ‘प्रेमसंबंध’ हा बचाव नाही, कायदा कायदा आहे. इथवर ठीक. पण मग त्यांनी एक वेगळी गोष्ट केली, जी अपिलात सहसा कोणी करत नाही. मुलीला विचारायला तज्ज्ञांची समिती पाठवली.

समिती काय सांगत आली? तोवर ती मोठी झालेली, त्याच माणसाबरोबर संसार करणारी, एका मुलीची आई. कायदा ज्याला गुन्हा म्हणतो, त्याचा तिला फारसा त्रास झाला नव्हता. त्रास झाला तो नंतरचा : पोलिस, कोर्टकचेरी, आणि नवऱ्याला सोडवायची न संपणारी लढाई. तिला वेळेवर काही समजावून सांगणारं, तिच्यापुढे दुसरा मार्ग ठेवणारं कोणी भेटलंच नव्हतं. मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विशेष अधिकार वापरून आरोपीला शिक्षाच दिली नाही. समाजाने तिला दोष दिला, यंत्रणेने तिला फसवलं, घरच्यांनी तिला टाकलं, असं कोर्टानेच लिहून ठेवलं.

गुन्हा सिद्ध, आरोपी दोषी, शिक्षा शून्य, आणि पीडिता खुश. वजन करा आता.

याने एक पायंडा पडेल, चौदाच्या मुली पळवून संसार मांडणाऱ्यांचं फावेल, अशी भीती बऱ्याच जणांनी घातली. भीती खरी आहे. न्यायालयालाही ती होती, म्हणून हा निकाल इतरांनी दाखला म्हणून वापरू नये असं त्यांनी बजावलं. वकील तो वापरणार नाहीत यावर तुमचा विश्वास असेल, तर तुम्ही कधी कोर्टाची पायरी चढलेली नाही.

त्याच आदेशात राज्य सरकारला आणखीही कामं सांगितली. तिला दहावीपर्यंत शिकवा, पुढे शिकायचं असेल तर तेही बघा, डोक्यावर नीट छप्पर द्या, खटल्यापायी झालेलं कर्ज फेडायला मदत करा. सात वर्षांनी. तीन कोर्टांनंतर.

पॉक्सोचं कलम १९ म्हणतं, तक्रार आल्यापासून चोवीस तासांत पोलिसांनी बालकल्याण समितीला कळवायचं, मुलीला काळजी आणि संरक्षणाची गरज आहे का ते बघायचं. ते २०१२ पासून आहे. मे २०१८ मध्ये त्या पोलिस ठाण्यातल्या कोणा एकाने ते पान उलटलं असतं, तर चोवीस तासांचं काम होतं.